‘फोर्थविथ’ म्हणजे नेमकं कधी?

आमच्या वसतिगृहात एक जुनी गोष्ट सांगतात. खरी की रचलेली, देव जाणे. पण दर वर्षी नव्या पोरांना ती ऐकवल्याशिवाय सीनियर मंडळींचं जेवण पचत नाही. परीक्षा संपल्यावर नोटीस बोर्डावर इंग्रजीत सूचना लागली, की सर्व विद्यार्थ्यांनी खोल्या ‘फोर्थविथ’ रिकाम्या कराव्यात. टाइप करणाऱ्याच्या हातून त्या शब्दात एक ‘यू’ जास्तीचा पडला आणि ‘फोर्थ’चा झाला ‘चौथा’. पहिल्या वर्षाच्या एका पठ्ठ्याने सरळ अर्थ लावला, की ‘फोर्थ’ इयरच्या ‘विथ’, म्हणजे चौथ्या वर्षाच्या मुलांबरोबर खोली सोडायची. फायनलवाल्यांचे व्हायवा अजून पंधरा दिवस चालायचे होते. हा गडी निवांत राहिला, रोज मेसमध्ये जेवला आणि रेक्टर सर खोलीवर आले तेव्हा त्याने त्यांना त्यांचीच नोटीस दाखवली म्हणे!

मीही ही गोष्ट ऐकून पोट धरून हसलो होतो. नंतर एकदा लायब्ररीत जाडजूड डिक्शनरी सापडली म्हणून सहज तो शब्द काढून बघितला. आणि गंमत अशी, की जुन्या इंग्रजीत ‘फोर्थ विथ’ हे दोन वेगळे शब्द होते आणि त्यांचा अर्थ ‘च्यासोबत, त्याच वेळी’ असा होता! ‘सोबत’चा ‘त्याच वेळी’ झाला, ‘त्याच वेळी’चा ‘लगेच’ झाला, आणि दोन शब्द एकमेकांना चिकटून एक क्रियाविशेषण तयार झालं. म्हणजे तो पहिल्या वर्षाचा गडी अगदीच चुकला नव्हता, फक्त काही शतकं मागे होता.

तर आजचा विषय हा शब्द. इंजिनिअरिंग कॉलेजच्या अंकात व्याकरण कशाला, असं काही जण म्हणतील. त्यांना विनंती एवढीच, की पान उलटण्याआधी निदान हर्सूलच्या टपरीवरची गोष्ट वाचा. ती पुढे येतेच आहे.

‘फोर्थविथ’ हा शब्द कोणी बोलत नाही. इंग्रजांच्या देशातसुद्धा जेवणाच्या टेबलावर ‘मीठ फोर्थविथ दे’ असं कोणी म्हणत नसणार. आपण मेसमध्ये ‘मामा, आमटी फोर्थविथ’ म्हणून बघा, मामा आमटीऐवजी डॉक्टरला बोलावतील. याला ‘अधिक’ आणि ‘सर्वात’ लागत नाही. ‘मोअर फोर्थविथ’ असं काही नसतं. हा शब्द राहतो तो फक्त कागदावर: कायद्यात, कोर्टाच्या आदेशात, मेमोमध्ये, बदलीच्या ऑर्डरमध्ये आणि वसतिगृहाच्या नोटिशीत. आणखी एक गोष्ट माझ्या लक्षात आली. पाणी जसं उताराकडेच वाहतं तसा हा शब्द वरून खालीच येतो. ‘फी फोर्थविथ भरा’ असं ऑफिस आपल्याला लिहितं. आपण कधी प्राचार्यांना ‘माझं बोनाफाइड फोर्थविथ द्या’ असं लिहिलंय का? आपण लिहितो, ‘तरी योग्य ती कार्यवाही व्हावी, ही नम्र विनंती.’ एकाच कागदाच्या दोन दिशा, आणि दोन्हीकडची घड्याळं वेगळी!

मराठीत याला शब्द कमी आहेत असं नाही. ताबडतोब, तत्काळ, तातडीने, त्वरित, सत्वर, लगेच, लागलीच, विनाविलंब... यादी करायला बसलं तर जर्नलचं एक पान भरेल. ज्या भाषेत एखाद्या गोष्टीला इतके शब्द असतात त्या भाषेच्या माणसांना ती गोष्ट फार आवडत असावी किंवा ती त्यांच्याकडून कधीच होत नसावी. आपल्याबाबतीत काय खरं, ते ज्याने त्याने ठरवावं. आपला ‘आलोच’ बघा ना. मित्र टी पॉइंटला रिक्षासाठी उभा असतो, तो फोन करतो, आणि आपण अंथरुणात पडल्या पडल्या म्हणतो, ‘आलोच!’ क्रियापद चक्क भूतकाळी, माणूस अजून चादरीत. शहरात दखनी बोलणारे मित्र ‘अब्बीच आया’ म्हणतात. त्यातला तो ‘च’ आपल्या मराठीनेच त्यांना दिला, असं भाषेचे अभ्यासक सांगतात. दिला तो दिला, पण त्याच्यासोबत वेळ पाळायची सवय काही देता आली नाही, कारण ती आपल्याकडेच नव्हती!

त्यातल्या त्यात रेल्वे बरी. ‘तत्काळ’ हा शब्द मूळ ‘तत्’ आणि ‘काल’, म्हणजे त्याच वेळी. पण रेल्वेने त्या शब्दाला घड्याळ बांधलं. प्रवासाच्या आदल्या दिवशी एसीचं बुकिंग सकाळी १० वाजता उघडतं, स्लीपरचं ११ वाजता. दिवाळीत घरी जाताना त्या ११ वाजता आपली काय अवस्था होते ते सगळ्यांना ठाऊक आहे. तिकीट मिळो न मिळो, पण ‘तत्काळ म्हणजे कधी?’ असा प्रश्न कोणाला पडत नाही.

आता टपरीची गोष्ट.

हर्सूलला राहणाऱ्यांना जेल नवीन नाही. जळगाव रोडने येता-जाता ती भिंत रोजच दिसते आणि पत्ता सांगताना ‘जेलच्या अलीकडे’, ‘जेलच्या पलीकडे’ असंच आपण सांगतो. मागच्या पावसाळ्यात एका दुपारी मी तिकडच्या एका टपरीवर चहा घेत होतो. तीन वाजले असतील. शेजारच्या बाकड्यावर साठीच्या आसपासची एक मावशी बसली होती, फुलंब्रीच्या पुढच्या कुठल्याशा खेड्यातली. सोबत पुतण्या, त्याची मोटारसायकल. माझ्या गळ्यातलं आयकार्ड बघून तिने पिशवीतून प्लास्टिकच्या कागदात गुंडाळलेली एक झेरॉक्स काढली.

“लेकरा, इंग्रजी वाचतू ना? यवढं वाचून सांग बरं.”

तिच्या मुलाच्या सुटकेच्या आदेशाची ती झेरॉक्स होती. मी सगळं वाचलं. शेवटी एक ओळ होती, की याला फोर्थविथ सोडण्यात यावं, दुसऱ्या कोणत्या प्रकरणात तो हवा नसेल तर.

“म्हंजी कव्हा?”

“लगेच, मावशी. फोर्थविथ म्हणजे लगेच.”

किती रुबाबात सांगितलं मी! लायब्ररीत डिक्शनरी बघितलेला माणूस ना. मावशीचा चेहरा असा फुलला, की मला वाटलं आपल्या इंग्रजीचा आज उपयोग झाला. तिने पुतण्याला गाडी घेऊन परत पाठवलं. घरी सांग म्हणाली, सैपाक करून ठेवा, आम्ही दोघं मायलेकरं यष्टीनं येतोच. मी चहाचे पैसे देऊन प्रॅक्टिकलला गेलो.

सात वाजता परत आलो तर मावशी त्याच बाकड्यावर. पाऊस लागलेला, टपरीवाला फळी लावायच्या बेतात. एक वकील साहेब तिथे सिगारेट ओढत उभे होते, त्यांनी समजावून सांगितलं. तिच्या हातातली ती नुसती झेरॉक्स, मूळ आदेश रीतसर मार्गाने यायचा होता. आला की ‘दुसऱ्या कोणत्या प्रकरणात हवा नसेल तर’ या अर्ध्या वाक्यासाठी कागद तपासायचे. संध्याकाळी मोजणी होऊन बराकी बंद झाल्या की मग सुटका दुसऱ्या दिवसावर जाते. यात कोणाची चूक होती असं मला अजिबात म्हणायचं नाही. कागद आपल्या चालीने चालत होता. चूक एकाचीच होती, ‘लगेच’ म्हणणाऱ्याची. मी तसं सांगितलं नसतं तर ती पुतण्यासोबत परत गेली असती, सकाळी आली असती.

त्या रात्री आमच्या मेसमध्ये पोळ्या करणाऱ्या मावशींच्या घरी, हर्सूल गावात, तिची सोय झाली. दुसऱ्या दिवशी दुपारी मुलगा बाहेर आला. जाताना मावशी मला शोधत मेसपर्यंत आली. रागावली नव्हती. एवढंच म्हणाली, “लेकरा, तुझं लगेच लई लांब निघालं.”

मित्रांनो, माझं त्या दिवशी जे झालं ते देशातल्या सर्वोच्च न्यायालयाचंही झालेलं आहे, हे मला नंतर समजलं. आणि तेसुद्धा आपल्याच महाराष्ट्राच्या एका प्रकरणात. जानेवारी १९५६. संयुक्त महाराष्ट्राची चळवळ तापलेली. १३ जानेवारीला मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी प्रतिबंधक स्थानबद्धता कायद्याखाली काही जणांना अटकेत ठेवण्याचे हुकूम काढले. १६ तारखेला त्यांना पकडलं. त्याच दिवशी पंडित नेहरूंनी मुंबई केंद्रशासित करण्याची घोषणा केली आणि शहर पेटलं. १९५० च्या त्या कायद्यात लिहिलं होतं, की असा हुकूम काढला की आयुक्तांनी त्याचा अहवाल राज्य सरकारला ‘फोर्थविथ’ पाठवायचा. अहवाल गेला २१ जानेवारीला. हुकमापासून आठ दिवसांनी! केशव नीळकंठ जोगळेकर विरुद्ध पोलीस आयुक्त या नावाने प्रकरण सर्वोच्च न्यायालयात उभं राहिलं. प्रश्न हाच, की आठ दिवस म्हणजे फोर्थविथ होतं का?

न्यायालयाने त्याच वर्षी दिलेलं उत्तर मला फार विचार करायला लावणारं वाटलं. कायद्यात दुसरीकडे ‘होईल तितक्या लवकर’ असे शब्द आहेत. ‘फोर्थविथ’ त्याहून कडक. तिथे सोय-गैरसोय बघायची नाही. पण म्हणून ‘त्याच क्षणी’ असाही अर्थ नाही. जो उशीर टाळता आला असता तो व्हायला नको, असा अर्थ. मग या प्रकरणात काय? शहरात दंगली चालू, पोलीस त्यात गुंतलेले, उशीर टाळण्याजोगा नव्हता. म्हणून आठ दिवसांनी गेलेला अहवालही ‘फोर्थविथ’च!

निकाल बरोबर की चूक यावर बोलायची माझी पात्रता नाही. पण त्या कलमाची रचना बघा. त्याच कलमात पुढे म्हटलं होतं, की राज्य सरकारने मंजुरी दिली नाही तर हा हुकूम १२ दिवसांपेक्षा जास्त टिकणार नाही. आता ‘१२ दिवस’ याचा अर्थ लावायला दिल्लीला जावं लागत नाही. कोठडीतला माणूससुद्धा भिंतीवर कोळशाने रेघा ओढून तो मोजू शकतो. ‘फोर्थविथ’ मोजायला मात्र न्यायमूर्ती बसवावे लागतात. आणि पुन्हा पुन्हा बसवावे लागतात. मे २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे पुन्हा हाच शब्द आला होता, पोलिसांनी जप्तीचा अहवाल मॅजिस्ट्रेटकडे ‘फोर्थविथ’ पाठवायचा म्हणजे कधी यासाठी. उत्तराचा मथितार्थ असा, की वाजवी वेगाने, निकडीची जाणीव ठेवून, विनाकारण उशीर न करता. आणि उशीर झाला म्हणून जप्तीच रद्द होईल असं नाही. म्हणजे १९५६ पासून २०२४ पर्यंत ६८ वर्षं एक क्रियाविशेषण आपला अर्थ शोधत फिरतंय. आपल्या बॅकलॉगचं आपण उगीच वाईट वाटून घेतो!

मी मेकॅनिकलचा विद्यार्थी. आमच्याकडे ड्रॉइंगवर ‘शाफ्ट चांगला गोल करा’ असं लिहिलं तर सर शीट फाडतात. २५ मिलिमीटर लिहायचं, आणि नुसतं तेही चालत नाही, त्याच्यापुढे टॉलरन्स लिहायचा. कारण नुसत्या आकड्यावर वर्कशॉपमधला माणूस त्याला वाटेल तेवढी ढिलाई घेतो आणि मग बेअरिंग बसत नाही. ‘फोर्थविथ’ हे टॉलरन्स नसलेलं मोजमाप आहे. इलेक्ट्रॉनिक्सचे मित्र यापुढचं सांगतात. रिअल टाइम सिस्टिम म्हणजे फार वेगवान सिस्टिम असं आपल्याला वाटतं, पण तसं नाही. ठरलेल्या मुदतीत उत्तर नक्की देते ती रिअल टाइम. मुदत एक मिलिसेकंदाची असेल किंवा एक मिनिटाची, ती आधी सांगितलेली असते आणि पाळली जाते. वेग आणि भरवसा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मावशीला वेग नको होता. ‘उद्या दुपारी’ असं कोणी नक्की सांगितलं असतं तर ती आनंदाने घरी गेली असती.

आणि हे कायदा लिहिणाऱ्यांना ठाऊक नव्हतं असं मुळीच नाही. राज्यघटनेचं २२ वं कलम बघा. मूळ मसुद्यात ते नव्हतं, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी सप्टेंबर १९४९ मध्ये ते मांडलं. अटक झालेल्या माणसाला मॅजिस्ट्रेटपुढे कधी न्यायचं? तिथे ‘ताबडतोब’ असं मोघम लिहून सोडलेलं नाही. २४ तासांच्या आत, प्रवासाचा वेळ वगळून. अगदी टॉलरन्ससकट! या २४ तासांमुळे आजवर किती माणसं कोठडीतून वाचली असतील याचा हिशेब कोण करणार? त्याच कलमात, स्थानबद्धाला कारणं कळवण्याच्या बाबतीत मात्र ‘होईल तितक्या लवकर’ आलं, आणि मग ‘लवकर म्हणजे कधी’ हे कोर्टाने ठरवायचं राहिलं. माहिती अधिकाराच्या २००५ च्या कायद्यातही ३० दिवस लिहिलेत, आणि माणसाच्या जिवाचा किंवा स्वातंत्र्याचा प्रश्न असेल तर ४८ तास.

आपल्या राज्याने तर कमालच केली. २००५ सालचा एक कायदा आहे, लांबलचक नावाचा; लोक त्याला दप्तर दिरंगाईचा कायदा म्हणतात. त्यात सरकारने आपल्याच लाडक्या विशेषणांना आकडे चिकटवले. कोणत्याही कर्मचाऱ्याकडे फाइल सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त पडून राहायला नको. ‘अर्जंट’ म्हणजे चार दिवस. ‘इमिजिएट’ म्हणजे शक्यतो त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी सकाळी. आता तो पाळला जातो का, हे मला विचारू नका, तहसीलला उत्पन्नाच्या दाखल्यासाठी रांगेत उभ्या राहिलेल्या कोणालाही विचारा. पण निदान भांडायला आकडा तरी आहे! २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्याने आणखी पुढची पायरी गाठली. कोणती सेवा, किती दिवसांत, कोणता अधिकारी देणार आणि त्याने नाही दिली तर अपील कोणाकडे, हे कार्यालयात फलकावर लावायचं.

सुटकेच्या कागदांचंही तसंच झालं. २०२१ मध्ये आग्र्याच्या तुरुंगातले १३ कैदी आदेश होऊनही दिवसेंदिवस आतच राहिले, ते वाचून सर्वोच्च न्यायालयाने आपणहून दखल घेतली. ३१ मार्च २०२२ ला ‘फास्टर’ नावाची व्यवस्था सुरू झाली, त्या न्यायालयाचे आदेश थेट इलेक्ट्रॉनिक मार्गाने पाठवण्यासाठी. ३१ जानेवारी २०२३ च्या निर्देशांत तर जामिनाच्या आदेशाची प्रत तुरुंग अधीक्षकांमार्फत कैद्याला त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी ईमेलने द्यायची, आणि सात दिवसांत तो सुटला नाही तर अधीक्षकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवायचं, असं ठरलं. बघा, आकडा आला, कोणी करायचं ते आलं, नाही झालं तर कोणाला सांगायचं तेही आलं. क्रियाविशेषण गेलं!

आमचे कम्युनिकेशन स्किल्सचे सर माझ्या या मताशी सहमत नाहीत. त्यांचं म्हणणं, की प्रत्येक गोष्टीला आकडा लावला की माणूस शेवटच्या मिनिटापर्यंत थांबतो. ‘२४ तास’ म्हटलं की २३ तास ५० मिनिटं होईपर्यंत कोणी हलत नाही; ‘फोर्थविथ’ ऐकल्यावर निदान खुर्चीतून उठतो तरी. सबमिशनच्या आदल्या रात्री आपल्या विंगमध्ये किती दिवे चालू असतात ते आठवलं, की सरांचं म्हणणं पटतं. आग लागली तर ‘इमारत ४५ सेकंदांत रिकामी करा’ असं कोणी ओरडत नाही, ‘पळा!’ म्हणतात, हेही खरं. समोर उभं राहून, तोंडाने, त्या क्षणी सांगायचं असेल तर ‘ताबडतोब’सारखा शब्द नाही. पण तो कागदावर उतरला, कागदावर सही झाली, शिक्का बसला, टपाल रजिस्टरला नोंद झाली आणि दोन टेबलांवरून तो फिरला, की त्यातला ‘त्या क्षणी’ कधीच निघून गेलेला असतो. मग वाचणाऱ्याने कुठला क्षण धरायचा?

आणि धरतो कोण, हाच माझा खरा मुद्दा आहे. मोघम शब्दाचा अर्थ नेहमी ज्याच्या हातात किल्ली आहे तो लावतो. माझ्या मोठ्या भावाचा अनुभव सांगतो, कॉलेजचं नाव नको. त्याला वसतिगृह ‘फोर्थविथ’ सोडायला सांगितलं तेव्हा संध्याकाळी सहा वाजता नोटीस आणि रात्री आठला खोलीला कुलूप. पेटी डोक्यावर घेऊन तो स्टँडवर झोपला. त्याच नोटिशीच्या खाली लिहिलं होतं, की अनामत रक्कमही फोर्थविथ परत केली जाईल. ती मिळाली पुढच्या वर्षीच्या गणपतीत. एकाच कागदावर, एकाच सहीखाली, एक फोर्थविथ दोन तासांचं आणि एक अकरा महिन्यांचं!

म्हणून आपल्या वसतिगृहापुरती एक सूचना, रेक्टर सर आणि ऑफिसमधल्या सर्वांची आधीच क्षमा मागून. नोटिशीत ‘ताबडतोब’, ‘त्वरित’, ‘इमिजिएटली’ यातलं काहीही लिहा, आमची हरकत नाही, शब्द वजनदार दिसतात. फक्त त्यांच्यापुढे वार आणि वाजले किती ते लिहा. गीझर दुरुस्त होणार असेल तर गुरुवारी संध्याकाळी, आणि त्यासाठी कोणाला विचारायचं त्याचं नाव. आम्हीही तसंच वागू. मेसचं बिल ‘भरतोच’ म्हणणार नाही, पाच तारीख म्हणू. सुरुवात म्हणून माझ्याकडे ज्यांची पुस्तकं आहेत त्यांनी घाबरू नये, शनिवारी दुपारी दोनला खोलीवर यावं.

हा लेख संपादकांकडे द्यायला निघालो तेव्हा बोर्डावर नवीन नोटीस होती. टाकी धुवायची असल्याने पाणी फोर्थविथ बंद. स्पेलिंग या वेळी बरोबर होतं. खाली कोणीतरी पेन्सिलने बारीक अक्षरात लिहिलं होतं, ‘किती ते किती?’ अक्षर कोणाचं ते विचारू नका. मेसवरून परत येताना बघितलं, तर त्याच्याच शेजारी निळ्या शाईत उत्तर होतं: ४ ते ७. तेवढ्यात बादल्या भरून झाल्या.